रूपरावांचा अलिबागी पाव्हणा

आष्टीच्या रूपरावांनी कापडाचं दुकान मुलाच्या हाती दिलं, तेव्हापासून ते दिवसभर घराच्या ओट्यावर. शेजारी दुसरी खुर्ची, ती मात्र रिकामी. ती जुन्या दोस्ताची, शेजारच्या नानाजींची. लेक मंजुषाच्या लग्नात मानाचा दुपट्टा नानाजींच्या आधी भलत्याच्याच खांद्यावर पडला, आणि नानाजी भरल्या पानावरून उठले. मधे भिंत एकच, पण दोन वर्षं बोलणं बंद.

मंजुषा अलिबागला दिलेली. गेल्या आठवड्यात माहेरी आली ती समुद्राकाठचा, शंखात राहणारा खेकडा घेऊन. "बाबा, तुम्हाले सोबत!" ओट्यावर वाळूची परात मांडून गेलीसुद्धा.

पाव्हणा काही शंखाबाहेर येईना. रूपरावांनी भात ठेवला, केळं ठेवलं, जावयाला करतात तसा आग्रह केला. चार दिवस उपास! फोनवर मंजुषा म्हणाली, "एकटा राह्यला की खात नाई तो. त्याले जोडीदार पाह्यजे, नाईतर जगत नाई."

जोडीदार पाहायचा म्हणजे सोयरिकच की! रूपराव इस्त्रीचा सदरा घालून आठवडी बाजारात भागीरथाबाईच्या खेकड्यांच्या टोपलीपुढे बसले.

"घराणं कोणतं?"

"वर्धा नदीचं. रस्सा करता का, भाऊ?"

"रस्सा नाई, दोस्ती करायची हाय. स्वभाव कसा हाय?"

भागीरथाबाईनं पदर तोंडाला लावला. "गरीब हाय. फक्त नांगीची दोरी नोका सोडू."

पण भेटीला आलेल्याचे हात बांधून ठेवायचे, ही कुठली रीत? घरी येताच रूपरावांनी दोरी सोडली. बोट नांगीत, आणि बोंब साऱ्या मोहल्ल्यात.

सर्वांत आधी धावले नानाजी. चिमट्यानं नांगी सोडवली, खेकडा बादलीत टाकला, बोटावर हळद दाबली.

"काऊन रे, म्हातारपणी खेकडे खेळून राह्यला?"

"पाव्हण्याले सोबत पाह्यजे होती."

"तुले सोबतीची कदर कवापासून? दुपट्टा देतानी कुठं गेलती?"

"अन् तू पानावरून उठला, ते?"

अर्धा तास कडकडून भांडण झालं. नानाजी आपल्या खुर्चीत कधी बसले, त्यांनाही कळलं नाही. तेवढ्यात परातीत खुडबुड झाली. पाव्हणा बाहेर आला होता आणि भाताचं शीत धरून चक्क जेवत होता!

दोघेही चकित होऊन गप्प झाले. पाव्हणा झटकन आत.

"थांबू नोको, नानाजी," रूपराव कुजबुजले. "भांड."

नानाजींनी खुर्ची परातीजवळ ओढली, घसा खाकरला. "हां, तर तो दुपट्टा..."