दहा नणंदांची एक जाऊ

तारांगणात तिला सगळे आकाशवाली म्हणत. पण ती लागली होती तिकीट खिडकीवर. जाळीआडून ‘पुढचा खेळ तीनला’ हे एकच वाक्य दिवसभर म्हणायचं, एवढंच तिचं काम. एका दुपारी सभागृह गच्च भरलेलं असताना निवेदनाची टेप यंत्रात गुंतली आणि आतून ओल्या मांजरासारखा आवाज यायला लागला. संचालकांच्या तोंडचं पाणी पळालं. माईक नसतानाही रस्त्यापलीकडे ऐकू जाईल असा आवाज इमारतीत एकाच बाईचा आहे, हे त्यांना ऐन वेळी आठवलं. त्यांनी निवेदनाचे कागद तिच्या हातात कोंबले आणि तिला अंधारात ढकललं. ती अशी झोकात बोलली की टेप दुरुस्त होऊन आली तरी कपाटावरच पडून राहिली.

सभागृह गोल होतं. वर घुमट, मध्ये मुंगीच्या डोक्यासारखं काळंभोर यंत्र, भोवती मागे कलणाऱ्या खुर्च्या. गालिच्याला कोंदट, उबदार वास यायचा. दाराजवळच्या कोपऱ्यात तिचं टेबल, त्यावर झाकण लावलेला लाल दिवा आणि पाण्याची बाटली. ग्रह, धूमकेतू, चंद्रावरचे खड्डे इथपर्यंत लोक कान टवकारून ऐकत. घोडं अडायचं ते संख्येपाशी. ‘दिसू शकणाऱ्या विश्वात एकावर बावीस शून्यं इतके तारे असावेत’ असं एक वाक्य होतं आणि ते आलं की खुर्च्यांमधून घोरणं सुरू व्हायचं. शून्य हा शब्दच असा की ऐकणाऱ्याच्या हाती काही लागत नाही. दहा शून्यं काय आणि बावीस काय, सगळं डोक्यावरून पाणी. ती आवाज चढवून पाहायची, थांबून पाहायची. घोरण्यात फरक पडत नसे.

तिनं हे संचालकांच्या कानावर घातलं. संचालक उंच, वाकलेले, आणि आपल्याला विनोद कळतो हे कुणाला कळू नये म्हणून धडपडणारे गृहस्थ होते. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला आणि जुनी नावं एका दमात म्हणून दाखवली: अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी, अंत्य, मध्य, परार्ध. दर वेळी दहापट. अब्जाला नऊ शून्यं, परार्धाला सतरा.

आकाशवालीला ही नावं फार आवडली. शंकू तर तिनं लगेच वापरायला घेतला. माणसाच्या अंगात तीन-चार शंकू पेशी असतात हे ऐकून एक लठ्ठ गृहस्थ पोटावर हात ठेवून उठून बसले होते. पण एक गोष्ट तिच्या डोक्यात बसेना. ती पुन्हा संचालकांकडे गेली आणि तिनं विचारलं, “सर, अंत्य म्हणजे शेवटचा ना? मग शेवट झाल्यावर मध्य कसा येतो?”

संचालकांनी हातातली फाईल मिटली. “नावं ठेवणारा संसारी माणूस असणार,” ते म्हणाले.

परार्धाशी नावं संपत होती आणि तारे त्याच्या कितीतरी पुढे जात होते. मध्ये पाच शून्यांचं भगदाड राहिलं. ते बुजायला तिची नणंद कारण झाली.

नणंद म्हणजे नवऱ्याची थोरली बहीण. दोन गल्ल्या पलीकडे तिचं शिवणकामाचं दुकान होतं आणि भावाच्या घराची एक किल्ली तिच्याकडे असायची. पसारा तिला बघवत नसे. आपला नाही, दुसऱ्याचा. त्या दिवशी सकाळी येऊन तिनं स्वयंपाकघरातले सगळे डबे उंचीप्रमाणे लावले. मीठ कुठे गेलं ते कुणालाच सापडेना. आकाशवाली अळणी जेवून, दात-ओठ खात कामावर आली. समोर शाळेची पोरं, कल्ला चाललेला. ग्रह झाले, धूमकेतू झाला, परार्ध आला. पोरं जांभया द्यायला लागली आणि तिच्या तोंडून निघून गेलं, “दहा परार्धांची मिळून होते एक नणंद.”

हसण्याचा असा काही स्फोट झाला की यंत्र चालवणारा दचकला आणि शनी घुमटावरून घसरून दारामागे गेला.

आता मागे फिरण्यात अर्थ नव्हता. दहा नणंदांची एक जाऊ, दहा जावांची एक सासू, दहा सासवांची एक मामेसासू आणि दहा मामेसासवांची एक विहीण. बरोबर बावीस शून्यं. “तर दिसू शकणाऱ्या विश्वात,” ती शांत आवाजात म्हणाली, “निदान एक विहीण भरेल इतके तारे आहेत. काही शास्त्रज्ञ म्हणतात, शंभर विहिणी.” त्या दिवशी कुणी घोरलं नाही.

मग तिला चटकच लागली. खेळागणिक बोलणं रंगत गेलं. तीन-चार विहिणी एका घरात आल्या तर काय होईल ते बघा आणि मग आकाशाचा विचार करा, असं ती सांगायची. बायका हसून डोळे पुसायच्या. पुरुष इकडेतिकडे बघून मग हसायचे. संचालकांना बातमी होती, पण खेळाच्या वेळी त्यांना नेमकं बाहेर काम निघायचं.

बिंग फुटलं ते परीक्षेत. एका शाळेत विश्वातल्या ताऱ्यांची संख्या विचारली होती. अर्ध्या वर्गानं ‘एक विहीण’ लिहिलं. एका पोरीनं कंसात ‘अंदाजे’ असंही लिहिलं होतं. बाईंनी संचालकांना फोन केला. संचालकांनी आकाशवालीला बोलावून शक्य तितका गंभीर चेहरा केला. लवकरच वरच्या कार्यालयातून एक अधिकारी बाई पाहणीला येणार आहेत, त्या येऊन जाईपर्यंत नातेवाईक बंद, असं त्यांनी बजावलं. तिनं मान डोलावली. दाराशी पोचल्यावर त्यांनी तिला हाक मारली आणि मामेसासू सासूपेक्षा मोठी कशी, असं हळूच विचारलं. “ती कधीतरीच येते, सर,” ती म्हणाली. “पण येते तेव्हा कळतं.”

नातेवाईक बंद झाले त्याच्या आदल्याच दिवशी नणंद खेळाला येऊन गेली होती. भावजयीला न सांगता. दुकानातल्या दोन गिऱ्हाइकांना हौसेनं घेऊन, आमच्या घरातला आवाज ऐका म्हणून. पुढच्या रांगेतली पोरं परार्धाच्या आधीपासूनच तयारीत होती आणि निवेदनाबरोबर एका सुरात ‘दहा परार्धांची एक नणंद’ म्हणत होती.

त्या संध्याकाळी नणंद घरी आली आणि बसली. एकही डबा हलवला नाही. नवऱ्याचं चष्म्याचं दुकान होतं. तो घरी आणलेली एक काच फडक्यानं पुसत बसला, ती कधीच स्वच्छ झाली होती तरी. सासूबाई खिडकीपाशी होत्या. त्यांना कमी ऐकू यायचं, पण भांडणाचा वास लांबून यायचा.

शेवटी नणंदेनं तोंड उघडलं. आपल्या नावाचं आकाशात काय केलं याबद्दल तिला काही म्हणायचं नव्हतं. तिचं दुखणं वेगळंच होतं.

“मी सगळ्यांत लहान का?” ती म्हणाली. “धाकटी ती. कानामागून आली आणि माझ्या दहापट?”

धाकटी म्हणजे जाऊ. ती परगावी दातांच्या दवाखान्यात कामाला होती आणि आपण आकाशात मोठ्या पदावर आहोत याची तिला गंधवार्ता नव्हती. आकाशवालीनं समजावलं की हा मानापमानाचा प्रश्न नाही, जीभ जशी वळली तशी नावं पडली. नणंदेला ते पटलं नाही. तिला दोन शून्यं जास्त हवी होती. दोनच तर मागतेय, म्हणाली. दोन शून्यं म्हणजे शंभरपट होतात, मग ताई सासूबाईंच्या बरोबरीला येतील, हे आकाशवालीनं सांगितलं तेव्हा सासूबाईंनी कान पुढे केला. आपण किती, ते त्यांना जाणून घ्यायचं होतं. शंभर नणंदा, असं नवऱ्यानं कानाशी ओरडून सांगितलं. सासूबाईंनी लेकीकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि बरोबर आहे, असं म्हणून पुन्हा खिडकीबाहेर बघायला लागल्या.

नणंद हट्टाला पेटली. आधी माझं मोजून दाखव, म्हणाली. नणंद म्हणजे नक्की किती? तिनं पिशवीतून सदऱ्याच्या बटणांचा डबा काढून टेबलावर ओतला. एवढी बटणं म्हणजे किती नणंदा? मग तिघं डोकं लावून बसली. नवऱ्यानं बटणाची जाडी मोजली, आकाशवालीनं शून्यं सांभाळली. एकदा तीन शून्यं हरवली, ती शोधण्यात चहा निवला. शेवटी हिशेब लागला. एक नणंद बटणं आणून पसरली, तर एखाद्या बऱ्यापैकी देशावर, डोंगर, शेतं, रस्ते, घरं सगळ्यांवर, कमरेइतका थर होईल.

नणंदेनं टेबलावरच्या ढिगावरून हात फिरवला. तिच्या चेहऱ्यावर हळूहळू काहीतरी चढत गेलं. तिच्या आयुष्यात तिला कुणी एवढं मोठं म्हटलं नव्हतं.

“आणि धाकटी?”

“असे दहा देश.”

नणंदेनं विचार केला. एक देश कमरेइतका भरलेला, दुसरा, तिसरा. तिचा हात आपोआप बटणं गोळा करायला लागला.

“राहू दे तिलाच,” ती म्हणाली. “एवढं आवरणार कोण?”

अधिकारी बाई आल्या त्या दिवशी आकाशवाली शब्दाला जागली. कागदावर होतं तसंच वाचलं. ग्रह झाले, धूमकेतू झाला, आणि कोरड्या आवाजात ती म्हणाली, “एकावर बावीस शून्यं.” अंधारातून, शाळेच्या पोरांच्या रांगेतून, दबक्या आवाजात ‘विहीण, विहीण’ अशी कुजबुज सुरू झाली आणि गोल भिंतीला धरून सगळीकडे फिरली. आकाशवालीनं लाल दिव्याखाली डोळे मिटून घेतले.

दिवे लागल्यावर अधिकारी बाईंनी विचारलं, ही विहीण कोण? संचालक घसा खाकरायला लागले. तेवढ्यात मधल्या रांगेत नणंद उभी राहिली. कडक इस्त्री करून, केस बांधून, कुणी न बोलावता आली होती. “विहिणीला अजून अवकाश आहे,” ती म्हणाली. “मी नणंद.”

आणि तिनं सगळं सांगितलं. बटणं, थर, कंबर, दहा देश. हातवारे करून सांगितलं. पोरं माना वळवून ऐकत होती. मघाचा खेळ कुणी इतक्या लक्षानं ऐकला नव्हता, हे आकाशवालीला कबूल करावंच लागलं. अधिकारी बाईंनी सगळं ऐकून घेतलं, मग आकाशवालीकडे वळून विचारलं की सगळी सासरचीच माणसं कशी? माहेरचं एकही नाही?

“माझ्या माहेरची माणसं मोजता येतात, मॅडम,” आकाशवाली म्हणाली.

अधिकारी बाईंना हसू आवरायला रुमाल काढावा लागला. जाताना त्यांनी ठरवून दिलं ते असं: आधी शून्यं नीट सांगायची, मग नातेवाईक, आणि ही नावं आमच्या घरची आहेत, पुस्तकात शोधू नका, परीक्षेत लिहू नका, असं स्पष्ट म्हणायचं. संचालकांनी हे लेखी घेतलं. तेव्हापासून खेळाच्या वेळी त्यांचं बाहेरचं काम बंद झालं. ते मागच्या खुर्चीत येऊन बसायला लागले.

जाऊबाईंना सुट्टीत आल्यावर कळलं. दहा देश ऐकून त्या खूश झाल्या आणि ‘तुझी आधीच दहा देश भरून आहेत’ म्हणत नणंदेनं त्यांना आठवडाभर दुकानात एकही बटण शिवू दिलं नाही. नवऱ्याची कुरकूर मात्र चालू राहिली. विश्वातल्या सगळ्या अणूंना ऐंशी शून्यं लागतात असं त्यानं कुठेतरी वाचलं होतं आणि त्यातलं एखादं तरी पुरुषाच्या नावानं असावं असं त्याचं म्हणणं होतं. विचार करू, असं ती दर वेळी म्हणायची.

एका दुपारी दोन खेळांच्या मध्ये ती रिकाम्या सभागृहात बसली होती. यंत्रवाला भिंगांवरची धूळ पुसत होता. घुमटावर आकाश तसंच लागलेलं होतं. तिनं सहज विचारलं, हे यंत्र ठिपके किती टाकतं? सहा-सात हजार असतील, यंत्रवाला म्हणाला. साध्या डोळ्यांना त्याहून जास्त दिसतच नाहीत.

ती वर बघत राहिली. एवढी वर्षं विहिणी वाटत होती आणि दाखवत होती ते एवढंसं. तिला आधी फसल्यासारखं वाटलं आणि मग खुदकन हसू आलं. बाहेर पोरांचा गलका सुरू झाला होता. दार उघडलं, चपला फरफटल्या, खुर्च्या करकरल्या. तिनं पाण्याचा घोट घेतला, लाल दिवा जवळ ओढला आणि म्हणाली, “सगळे नीट बसा. डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला जरा वेळ लागतो.”