आजाऱ्याला आधी पेज द्यावी

आमच्या घरातला संगणकाचा इतिहास मी एका रविवारी दुपारी स्वतःच्या हाताने जाळला.

मुलगी केतकी इथे धुळ्यातच कॉलेजात शिकते. तिथल्या प्रदर्शनात तिला संगणकाची वाटचाल मांडायची होती. शेजारच्या नानांनी मोडक्या रेडिओतले काचेचे व्हॉल्व्ह दिले. ट्रान्झिस्टर आणि चिप दुरुस्तीवाल्याकडे मिळाल्या. शेवटी मांडायला माळ्यावरचा आमचा पहिला कॉम्प्युटर होताच.

"बाबा, नुसता ठेवायचाय. चालू करू नका."

"हॅट्! चालू करूनच नेणार!" (आमच्या घराण्यात जिद्द भरपूर. अक्कल उरलीच तर.)

डबा उघडून धूळ काढली, रॅमच्या पट्ट्या खोडरबराने घासल्या आणि बटण दाबलं. आतून नुसतं पीं-पीं! पुन्हा घासल्या. पुन्हा पीं-पीं!

"अहो, भरीत गार होतंय," बायको म्हणाली.

"हा बोलल्याशिवाय घास घेणार नाही!"

तिने शांतपणे माझं ताट झाकलं आणि स्वतः जेवायला बसली.

तेवढ्यात मागच्या बाजूला एक लाल खटका दिसला. त्यावर लिहिलं होतं २३० व्होल्ट. सरकवला, तर ११५! माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. इतकी वर्षं उपाशी असलेल्या आजाऱ्याला एकदम पुरणपोळी देतात का? आधी पेज द्यावी! मी ११५ वर ठेवून बटण दाबलं.

धडाम्!!

खटका सरकवला म्हणून घरातली २३०ची वीज काही कमी होत नाही, हे मला तेव्हा कळलं. घरभर धूर. पंखा बंद, फ्रीज बंद. खांबावरचा फ्यूजही उडाला, म्हणजे सगळ्या गल्लीची वीज गेली. ऐन मॅचमधून उठून नाना धावत आले.

"काय फुटनं रे भाऊ? हाऊ धूर कसाना शे?"

"काही नाही नाना, जरा पेज पाजत होतो."

"कोणले?"

बायकोने नुसतं माझ्याकडे बोट दाखवलं. केतकी रडकुंडीला आली होती. "उद्या मी काय मांडू?"

"हाच!" मी म्हणालो. दुसऱ्या दिवशी तो काळवंडलेला डबा मांडीवर घेऊन मी रिक्षात बसलो, कॉलेजात नेला, टेबलावर ठेवला आणि राखणदारासारखा शेजारी उभा राहिलो.

परीक्षक बाई आल्या. व्हॉल्व्ह पाहिले, चिप पाहिल्या, आमच्या डब्याचा वास घेऊन दोन पावलं मागे सरकल्या.

"यातलं काही चालू आहे का गं?"

केतकीने सगळ्या टेबलावरून नजर फिरवली आणि माझ्याकडे हात केला.

"एवढं एकच मॉडेल चालू आहे, मॅडम. पण ते कुणाचं ऐकत नाही!"