चॅम्पियनच्या शेजारचं पान

खेडच्या एसटी स्टँडवर आईने आम्हा दोघांच्या पिशव्यांत तांदळाच्या भाकऱ्या सारख्या वाटून घातल्या. मी आणि माझा चुलतभाऊ दिगू. तो रांगत होता तेव्हाच त्याची आई गेली, म्हणून माझ्या आईनेच दोघांना वाढवलं. वयाने सारखे, अंगाने किडकिडे, शाळेच्या रांगेत सगळ्यांत पुढे. पुण्याच्या रेसकोर्सवर घोडे सांभाळणारे आमच्या वाडीतले एक काका म्हणाले होते, "जॉकी व्हायला अशीच हलकी पोरं लागतात." गाडी हलली तशी आई खिडकीखालून म्हणाली, "पोटाला नीट खा रे, बाबांनो."

पुण्यात सुरुवातीला लीद काढली, मग घोड्यांचं अंग घासून खरारा केला, मग घोड्यावर बसायला मिळालं. माझ्या हाताला घोडा लवकर वळतो, असं ट्रेनर म्हणायचे. दिगूही तेच सगळ्यांना सांगत फिरायचा. आणि मग मी वाढायला लागलो. उपाशी राहिलो, घामाने वजन उतरावं म्हणून रबरी कोट घालून भर उन्हात धावलो, पण हाडांना कोण थांबवणार? त्या गणपतीत घरी गेलो तर आई दारातच हरखली. "कसा भरलायस! तिकडचं अन्न मानवलं तुला." दिगूकडे वळून म्हणाली, "तू का रे असा वाळलास?" माझं जॉकी होणं संपलंय हे मला आदल्याच आठवड्यात कळलं होतं. तिचा चेहरा बघून मी पिशवी खाली ठेवली आणि जेवायला बसलो.

आज दिगू चॅम्पियन जॉकी आहे आणि मी ट्रेनरचा असिस्टंट. गावाकडच्यांनो, गेल्या मोसमात त्याने डर्बी, वर्षातली सगळ्यांत मोठी शर्यत, जिंकली तेव्हा तुम्ही वाडीत फटाके लावलेत. त्याने जिंकली ती घोडी, शर्यत जिथून सुटते ते स्टार्टिंग गेट दिसलं की मागच्या पायांवर उभी राहायची. रोज सकाळी तिच्या मानेवर हात ठेवून मी तिला त्या गेटात नेलं, उभं केलं, बाहेर काढलं. शर्यतीच्या दिवशी ती मुकाट आत शिरली आणि दिगू तिला घेऊन सगळ्यांच्या पुढे आला. लोक ओरडत होते. मीही ओरडलो, पण घोडीच्या नावाने. तिच्या पाठीवरचे ते पोरासारखे बारीक गुडघे माझे असायला हवे होते.

मग गावात दिगूचा सत्कार ठरला. देवळापुढे मांडव, शाल, श्रीफळ. एका मास्तरांनी मला विचारलं, "तू पण तिकडेच असतोस ना? काय करतोस?" मी म्हटलं, "घोडे बघतो."

दुपारी आईने स्वयंपाकघरात आमची दोन पानं शेजारी मांडली. भात आणि बुरोंडी बंदरावरून आलेल्या बांगड्याचं तिखलं. दिगूने बोटभर भात चिवडला आणि पाण्याचा तांब्या तोंडाला लावला. दोन दिवसांनी त्याची शर्यत होती.

"वाईच घे रे," आई म्हणाली.

"नको, काकी. वजन." मग माझ्या पानाकडे बघत तो हळूच म्हणाला, "अंत्या, पोटभर जेवणं कसं असतं, तेच विसरलोय मी."

त्याची कीव यायला हवी होती. नाही आली. त्या क्षणीही त्याने मला त्याची भूक आणि त्याची हाडं दिली असती, तर मी हातातला घास टाकून उठलो असतो. पण तसं काही कुणी देत नाही. मी पान पुढे सरकवलं आणि म्हणालो, "आई, अजून वाढ." तिने भरभरून वाढलं. तिचं ते समाधान सगळं माझं होतं. दिगू बघत राहिला, आणि मी सावकाश जेवलो.

तुमच्यातले जे बाहेर पडले ते विचारतात, घराची आठवण येते का. येते. त्या चुलीपुढच्या दोन पाटांपुरतंच आता माझं घर उरलंय. तिथे मी दिगूच्या पुढे असतो. हात धुऊन ओटीवर आलो, तर अंगणात त्याच्याबरोबर फोटो काढायला अख्खी वाडी उभी होती. एकाने मोबाईल माझ्याच हातात दिला.