झग्यांची जप्ती

पदवीदानाचे झगे शिवणाऱ्या बाईंना सगळं विद्यापीठ टेलरमावशी म्हणायचं. झगे वेळेवर पोहोचले, बिल मात्र कुलसचिवांच्या टेबलावर मुक्कामाला राहिलं. हेलपाटे घालून चपला झिजल्या, तेव्हा मावशीने सरळ दावा ठोकला. विद्यापीठाने तारखांवर तारखा घेतल्या, तरी निकाल मावशीच्या बाजूने लागला. त्यानंतरही पैसे येईनात, म्हणून कोर्टाने जप्तीचा हुकूम काढला.

बेलीफ तिला घेऊन विद्यापीठात पोहोचला तो नेमका समारंभाच्या सकाळी.

"मावशी, काय जप्त करू? कुलगुरूंची गाडी बाहेरच उभी आहे."

"गाडी ठेवू कुठे, डोक्यावर? झगे घ्या."

"मुलांचे?"

"छे! पोरं कधीची नटूनथटून बसलीत. व्यासपीठावरच्यांचे घ्या."

बेलीफाने आत जाऊन हुकूम वाचला, तेव्हा कुलगुरूंची एक बाही चढली होती, दुसरी लोंबतच राहिली. त्यांनी असं पाहिलं की कुलसचिवांना घाम फुटला. इतके दिवस 'प्रक्रियेत' अडकलेला चेक मिरवणूक निघायच्या आत मावशीच्या हातात पडला, तोही व्याजासकट.

"आता घाला खुशाल," म्हणत मावशीने कुलगुरूंची दुसरी बाही स्वतः धरली. मग घरी जायचं सोडून ती सभागृहात मागच्या रांगेत जाऊन बसली. आपले झगे असे मिरवताना तिने कधी पाहिलेच नव्हते. प्रत्येक पोराला ती हात दुखेपर्यंत टाळ्या वाजवत होती.

"यात तुमचं कोण?" शेजारच्या बाईंनी विचारलं.

"सगळीच," मावशी खुशीत म्हणाली. "गिऱ्हाइकं आहेत माझी!"