भोपळ्याची पहिली चीर
रघुवीरराव पेज तोंडात घेत आणि ओठांच्या कडेने सोडून देत. पोटात काही गेलं नाही तर औषधही चालणार नाही, असं डॉक्टरांनी सांगून टाकलं होतं. अशात सकाळी ते आपणहून म्हणाले, लाल भोपळ्याच्या त्या मऊ नानकटाया कर. त्यांची बायको भानुमतीबाई तशीच कृष्णपुऱ्याच्या बाजाराकडे धावली. फोडी संपल्या होत्या. उरलेला अख्खा भोपळाच तिने उचलून आणला.

आणि तिथेच गाडं अडलं. अख्ख्या भोपळ्याला पहिली चीर पुरुषानेच द्यायची, बाईने नाही. माळव्यात भोपळा म्हणजे घरातला थोरला मुलगा, आणि आईने मुलावर सुरी चालवायची नाही. खरा मुलगा श्रीकृष्ण, हिवाळ्यापुरती राजधानी ग्वाल्हेरला हलायची म्हणून, सरकारी कचेरीबरोबर तिकडे गेलेला.

शेजारच्या लक्ष्मीबाई दारातूनच म्हणाल्या, "आमच्या ह्यांना भेजते ना. घर में मरद नहीं तो करोगी क्या?"

खाटेवर ते ऐकू गेलं असणार. लक्ष्मीबाई गेल्यावर भानुमतीबाईने भोपळा खाटेवर ठेवला, सुरी नवऱ्याच्या मुठीत दिली. पातं सालीवरून घसरलं. पुन्हा घसरलं.

"लक्ष्मीबाईंच्या नवऱ्याला, पांडुरंगला बोलाव," ते म्हणाले.

"कशाला? तुम्ही आहात ना."

तिने त्या मुठीवर आपली मूठ ठेवली आणि सगळा जोर लावला. साल करकरली, भोपळा उकलला. खालच्या हाताचा जोर तिला कुठेच जाणवला नाही.

मग तिने फोडी वाफवल्या, कणीक, तूप, गूळ, चिमूटभर खायचा सोडा घातला. सुंठ, लवंग, जायफळ घातलं. पातेल्यात तापलेली वाळू, झाकणावर निखारे. निखारे वाढले की नानकटाई कडक होणार, आणि कडक घास त्यांच्या घशाखाली उतरणार नाही, म्हणून ती चिमट्याने एकेक निखारा काढत-घालत राहिली. उतरल्या तेव्हा त्यात बोट रुतत होतं.

पहिला तुकडा गेला. दुसरा लाळेबरोबर बाहेर आला. तिने तो पदराने टिपला.

लक्ष्मीबाई पुन्हा दारात आल्या. "खाए?"

"खाल्ल्या."

"और चीरा किसने लगाया?"

"ह्यांनीच," भानुमतीबाई खाटेपर्यंत जाईल अशा आवाजात म्हणाली.

मग आत येऊन तिने नानकटाई दुधात कुस्करली, आणि मिटलेल्या ओठांशी चमचा धरून बसून राहिली.