देवघराचे चार स्क्रू

स्वतःच्याच घरात पाहुण्यासारखा राहणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, तो म्हणजे माझ्या बायकोचे मुलुंडचे मामा. सुरुवातीपासून ते असे नव्हते. उलट, मालकाखेरीज कोणाशी बोलणं त्यांना कमीपणाचं वाटे. साधी सर्दी झाली तरी ते मोठ्या स्पेशालिस्टकडे जात, आणि हॉटेलात चहा पांचट आला की वेटरला एक शब्द न बोलता कप थेट गल्ल्यावरच्या शेटजींसमोर नेऊन ठेवत. "मधल्यांशी बोलून वेळ घालवू नये, जावईबापू," असं ते मला नेहमी बजावायचे.

तेच मामा भांडुपच्या एका मित्राच्या कारखान्याच्या कर्जाला जामीन राहिले आणि भाबडेपणाने स्वतःच्या दोन खोल्यांचे कागदही बँकेत ठेवून आले. मित्राचे हप्ते थकले, बँकेची नोटीस आली, आणि मामांनी सवयीप्रमाणे मधलं सगळं गाळून हायकोर्टात याचिका ठोकली. मीही सोबत गेलो होतो. दोन मिनिटांत न्यायमूर्तींनी सांगितलं की अशा तक्रारींसाठी कायद्याने कर्जवसुलीचं वेगळं न्यायाधिकरण दिलंय, आधी तिकडे जा. आणि याचिका निकाली काढली. आपण जिंकलो की हरलो, हे आम्हा दोघांनाही कळेना. वकिलांना विचारलं तर म्हणाले, "तसं काहीच झालेलं नाही." ऑर्डरीत 'दाद मागण्याची मुभा' असं काहीतरी होतं, तेवढ्यावर मामांनी पाव किलो पेढे घेतले. घर राहिलं की गेलं, एवढंच मामींना हवं होतं; पेढा हातात धरून त्यांनी विचारलं, "घर रवला मा?" "मुभा मिळाली," मामा म्हणाले. पेढा मामींच्या हातात तसाच राहिला.

न्यायाधिकरणात अर्ज पडला तोवर बँकेची माणसं येऊन दारावर कागद चिकटवून गेली. वकील म्हणाले, हा प्रतीकात्मक ताबा. म्हणजे ताबा बँकेचा, राहायचं तुम्ही. हे वाक्य मला आजही नीट कळलेलं नाही. मामांनी मात्र ते शब्दशः पाळलं. नळ गळायला लागला की शाखेत फोन: "साहेब, तुमचा नळ गळतोय." सोफा ओढायचा नाही, उचलायचा, कारण लादी बँकेची. शाखेतला तरुण अधिकारी आधी चिडला, मग घाबरला, आणि शेवटी "काका, तुमचं तुम्ही बघा ना यार" म्हणत फोन ठेवू लागला. पण तोंडी परवानगी मामांना चालत नसे.

या सगळ्यात अडकलं मामींचं देवघर. सावंतवाडीहून हौसेने मागवलेलं, भिंतीवर बसवायचं. चार स्क्रू मारले की काम झालं. पण भिंतीला भोकं म्हणजे बँकेच्या मालमत्तेची नासधूस, आणि उद्या तेच आपल्या अर्जाच्या आड आलं आणि घर गेलं तर? म्हणून देवघर पुठ्ठ्यात आणि देव फ्रिजवर. फ्रिज थरथरला की अन्नपूर्णा जराशी पुढे सरकायची. "देवांक बसाक बँकेची परवानगी कित्याक व्हयी?" मामी कडाडायच्या. "निकाल लागांदे गो," मामा पुटपुटायचे. मला हसू यायचं, पण मामींचा चेहरा बघून मी ते गिळायचो.

निकाल लागलाच नाही. त्या मित्रानेच भांडुपचा गाळा विकून बँकेचं देणं फेडलं आणि मामांनी अर्ज मागे घेतला. घराचे कागद परत आले त्या रविवारी मी ड्रिल मशीन घेऊन गेलो. मामांनी पेन्सिलने चार खुणा केल्या आणि मशीन हातात धरून उभेच राहिले.

"जावईबापू, आता कोणाला विचारायचं?"

"कोणालाच नाही, मामा. घर तुमचं आहे."

त्यांनी मान हलवली, पण हात काही हलेना. ज्यांना एकेकाळी मालकाशिवाय कोणाशी बोलायचं नसे, त्यांना आता मालक आपणच आहोत हे पटत नव्हतं. मला फार वाईट वाटलं.

मामी स्वयंपाकघरातून आल्या. मामांच्या शेजारी उभ्या राहून म्हणाल्या, "माका इचारा."

मामांनी खरंच विचारलं, "मारू काय गो?"

"मारा," मामी म्हणाल्या, आणि फ्रिजवरचे देव एकेक करून पदरात घेऊ लागल्या.