मागची झील

आटपाडीच्या नानासोंना बिरोबाच्या गाण्यांची ती कॅसेट म्हणजे जीव की प्राण. त्यांच्या बायकोला, सुलाबाईलाही. पण तिचं कारण तिच्या पोटातच राहिलं. लग्नाआधी सांगलीच्या स्टुडिओत त्या गाण्यांना झील तिनं धरली होती. गाणाऱ्याची ओळ मागून तशीच परत म्हणायची. ‘गाणारी पोर सासरी खपायची न्हाई, तोंड उघडू नगंस,’ असं आईनं बजावलेलं. कॅसेटच्या खरखरीत साऱ्या बायकांचा एकच गलका व्हायचा, म्हणून आजवर निभावलं.

परवा सून समीक्षानं तीच गाणी हाय-रिझोल्यूशनमध्ये नव्या स्पीकरवर लावली. मेलं, एकेक गळा सुटा झाला! त्यात कोवळी सुला चक्क वेगळी गात होती, तिचा श्वाससुद्धा ऐकू येत होता. सुलाबाईचे हात पिठात तसेच थांबले. पळणार कुठं?

नानासो ताडकन उठून बसले. ‘आयला, काय गळा हाय ह्या बाईचा! कुठं दडली हुती गं ही?’

सुलाबाईच्या अगदी ओठांवर आलं.

‘पण असल्या बाया घरात नांदत न्हाईत,’ नानासो म्हणाले. ‘आता कुठली जिती आसंल!’

‘कुठली जिती आसंल,’ सुलाबाईनं झील ओढली.